पोत्या टीव्हीत वाचतो

दिन्याचा उजवा हात कसा गेला, याची जी गोष्ट चंदनसारमध्ये सगळ्यांना पाठ आहे, ती मी रचलेली आहे. खरी वेगळी आहे. ती माझ्या तोंडातून आजवर बाहेर पडलेली नाही — बायकोसमोर नाही, दारू चढल्यावर नाही, देवासमोर तर नाहीच नाही. देवाला माहीत असेलच, असं म्हणून मी दरवेळी हात जोडून मोकळा. आज तुला सांगतोय. का? कारणबिरण काही नाही. सांगतोय.

आणि एक आधीच बोलून ठेवतो. मध्येमध्ये तुला वाटायला लागेल की माणूस वाईट नाही हा. तसं वाटलं की समज, मी परत फेकतोय. मला गोष्ट चांगली सांगता येते, सगळी भानगड तिथेच तर आहे.

सुरुवात एका गेमपासून करावी लागेल. हसू नकोस. दोन हजार साल नुकतंच उलटलं होतं, आम्ही अकरावीत होतो, आणि चंदनसारच्या रस्त्यावर एका गाळ्यात व्हिडिओ गेमचं पार्लर होतं. आत चार-पाच मशिनी, वर कुरकुरणारा पंखा, काउंटरवर फोन आणि काउंटरमागे जग्या. जग्या म्हणजे मालकाचा भाचा. आमच्याहून सहा-सात वर्षांनी मोठा, मनगटात जाड कडं. काही माणसं राग येतो म्हणून मारतात. हा मारायला मिळावं म्हणून रागवायचा. पोरं त्याला टरकून असायची आणि तरी रोज जायची, कारण दुसरं पार्लर लांब होतं.

दिन्या — दिनेश — माझा जिगरी. आमची बिल्डिंग ज्या शेतात उभी राहिली ते शेत त्याच्या चुलत्याचं. आम्ही परळची खोली विकून इकडे फ्लॅटवाले झालो, ते मागे गावात राहिले, भात लावायचे. त्याच्या घरी ‘ण’ नव्हताच. पानी, कोन, मानूस. आम्ही बिल्डिंगमधली पोरं त्याला चिडवायचो, आणि मी तर त्याची नक्कल इतकी हुबेहूब करायचो की एकदा त्याच्या आईने चुलीपाशी बसून मलाच ओ दिली होती. दिन्या चिडायचा नाही. पोट धरून हसायचा. म्हणायचा, “मी नसलो तरी चालंल, तू हायस ना.”

तर तो गेम. त्याचं खरं नाव कुठल्या तरी परदेशी अक्षरांत यायचं, कुणाला वाचता येत नव्हतं. आम्ही त्याला ‘पूल’ म्हणायचो. कपाळाला लाल पट्टी बांधलेला हिरो होता, तो पट्टीवाला. त्याच्याबरोबर पाठीवर पोतं घेतलेला एक जाडा, तो पोत्या. एक नंबरचा दांडा ज्याच्या हातात तो पट्टीवाला, दोन नंबरच्या दांड्याला पोत्या. एक नंबरला मी असायचो. नेहमी मी. असं का, ते आम्ही कधी बोललोच नाही. तो आपला गेल्या गेल्या दोन नंबरला जाऊन उभा राहायचा.

काय मारामारी होती साली! मुंडकी उडायची, रक्ताच्या चिळकांड्या काचेवर येऊन आदळायच्या, पडलेल्या माणसाला पुन्हा मारलं तर जास्त पॉइंट. आम्ही तोंडाने आवाज काढत मारायचो. आणि मग पुलाची स्टेज यायची. दरीवरचा दोराचा पूल, मागून तलवारी घेतलेली फौज. पोत्या दोर धरून उभा राहायचा आणि पट्टीवाला पळत पलीकडे जायचा. दोर धरायचा म्हणजे दोन नंबरने बटण दाबून ठेवायचं. अंगठा सुटला की पूल कोसळला, म्हणजे मी खलास. म्हणून दिन्या बटण दाबून उभा. माझा माणूस पलीकडे पोचेपर्यंत मागून फौज यायची आणि पोत्याला उभा चिरायची. आधी पाठ, मग मान. पोतं फाटून त्यातलं धान्य दरीत सांडायचं. ते धान्य का दाखवलं असेल त्यांनी? मला अजून कळलेलं नाही. मग दोन नंबरचा गेम खतम. पुढच्या स्टेजा मी एकटा खेळायचो आणि दिन्या बाजूला उभा राहून बघायचा.

लक्षात येतंय ना तुझ्या? त्याला अंगठा उचलता येत होता. कधीही. आपण मरणारच आहोत हे माहीत असून त्या पोराने एकदासुद्धा मला पाडला नाही.

मग त्याच गेमची केबलवर कार्टून मालिका आली. हिंदीत डब केलेली, दर रविवारी सकाळी. पुलाचा भाग लागला त्या दिवशी दिन्या आमच्याकडे बघायला आला होता, कारण त्यांच्याकडे केबल नव्हती. पट्टीवाला पलीकडे पोचला — आणि थांबला. आणि मागे फिरला! परत पुलावरून पळत आला, फौजेत घुसला, पोत्याचा हात धरून त्याला ओढत घेऊन गेला. दिन्या सोफ्यावर उभाच राहिला. आईने आतून ओरडून विचारलं काय झालं. पुढे तर त्या टीव्हीवाल्यांनी पोत्याचं लग्नसुद्धा लावून दिलं, खानावळ काढून दिली. आम्ही पार्लरमध्ये हसून हसून मेलो.

पण दिन्याने ते डोक्यात घेतलं. पुलाची स्टेज आली की बटण दाबून ओरडायचा, “संद्या, फिर मागं! फिर ना, टीव्हीत फिरतो तो!” मी म्हणायचो, येडा आहेस का, टाइम संपेल, दोघंही मरू. तो म्हणायचा, बघ तरी फिरून. मी एकदाही फिरलो नाही. मशीन माझी नव्हती, जीव माझा नव्हता, स्क्रीनवरची चार रंगीत टिंबं होती — तरी नाही फिरलो. आमचा वाद व्हायचा, कुठलं खरं. मी ठणकावून सांगायचो की गेम आधी आला, टीव्ही नंतर, म्हणजे पोत्या मेला हेच खरं. दिन्या जरा विचार करायचा आणि म्हणायचा, “नंतर सुधारला असंल तो.”

आता जग्याकडे येतो. यायला नको वाटतंय, पण येतो.

एकदा मी गेममधल्या शेवटच्या तगड्या दुश्मनापाशी, मास्टरपाशी मेलो आणि रागाने मशीनच्या काचेवर बुक्की मारली. काच फुटली नाही, नुसता आवाज झाला. जग्या काउंटरमागून उठून आला. शांतपणे आला. माझ्या मानेमागे हात घालून त्याने माझं तोंड मशीनच्या पाटीवर आपटलं. दोनदा की तीनदा, आठवत नाही. पुढचा दात अर्धा तुटला. नाकातून रक्त सांडलं ते काचेवर, आणि त्याने मला माझाच शर्ट काढायला लावून ते पुसायला लावलं. सगळी पोरं बघत होती. मी उघड्या अंगाने रडत काच पुसत होतो आणि तो म्हणत होता, कोपऱ्यात राहिलंय, तिथे पूस.

तेव्हा दिन्या मध्ये पडला. बाकी सगळे भिंतीला चिकटलेले, हा एकटा. जग्याचं कडंवालं मनगट धरून ओरडला, “हात नको लावू त्याला!” एक सणसणीत कानाखाली खाल्ली त्याने, खाली पडला, उठला आणि परत तिथेच उभा राहिला. जग्याला नवल वाटलं बहुतेक. त्याने मला सोडलं. घरी जाताना दिन्याने त्याचा शर्ट मला दिला आणि स्वतः बनियनवर गावात गेला.

मग फोन. मेडिकलच्या बाहेर टांगलेला तो एक रुपयावाला फोन होता, तिथून दुसऱ्या दिवशी दुपारी मी पार्लरला लावला. जग्याने उचलला. मी त्याला आईवरून, बहिणीवरून, होतं नव्हतं तेवढं सगळं दिलं, आणि शेवटी म्हणालो, “कोन रं तू? पानी पन नाय मागनार, असा मारीन तुला.” आणि ठेवून दिला. काय हलकं वाटलं म्हणून सांगू!

आवाज दिन्याचा काढला होता मी.

पुष्कळ वर्षं मी स्वतःला सांगत आलो की तो आपसूक निघाला. शिव्या द्यायच्या म्हटलं की मी नेहमी त्याच्याच बोलीत द्यायचो, मजा यायची म्हणून, तसाच तेव्हाही निघाला असणार, रागात कुठे भान असतं? — नाही. खोटं आहे हे. रुपया टाकण्याआधी मी खाकरून घसा साफ केला होता. हळू आवाजात एकदा म्हणून बघितलं होतं, पानी, पानी, जमतंय का म्हणून. माझ्या आवाजात बोललो तर जग्या मला जिवंत सोडणार नाही हे मला कळत होतं. तो राग कुणावर तरी काढणार हेही कळत होतं. कुणावर काढेल, याचाही विचार करून झाला होता माझा. भान होतं. पुरेपूर होतं.

त्यानंतरच्या दुपारी दिन्या मला बोलवायला आला. म्हणाला, चल पूल खेळू, जग्याला घाबरून काय घरात बसायचं? मी नको म्हणायला हवं होतं. निदान एवढं तरी! पण नको म्हटलं असतं तर का नको, ते सांगावं लागलं असतं. गेलो.

आम्ही आत शिरलो तसं जग्याने शटर खाली ओढलं. पूर्ण नाही, गुडघ्याएवढी फट ठेवली. आत त्याचे दोन दोस्त होते, बाकीच्या पोरांना त्याने आधीच हाकललं होतं. मशिनी चालू होत्या, त्यांचे ते टुंग टुंग आवाज चालूच होते. दिन्याला वाटलं मलाच मारणार. तो माझ्या पुढे येऊन उभा राहिला. खरं सांगतोय, माझ्या पुढे.

जग्याने त्याला विचारलं, काल फोन तू केलास ना? दिन्या म्हणाला, “कोनता फोन?” बस. तो ‘कोनता’ ऐकला आणि जग्याने एका दोस्ताकडे बघून डोळे मिचकावले. मग त्याने दिन्याचे केस धरले आणि म्हणाला, बोल, पाणी. दिन्या म्हणाला, “पानी.” कडं तोंडावर बसलं. बोल, पाणी. “पानी.” परत. दोस्तांनी हात मागे धरले होते. तो प्रयत्न करत होता रे. जीभ वर लावायला बघत होता, ओठ फुटलेले, तोंडात रक्त — आणि दर वेळी ‘पानी’च येत होतं. जग्या हसत होता. दोस्त हसत होते. हा खेळ त्यांना मशीनपेक्षा जास्त आवडला होता. पोटात गुडघा, मग पुन्हा बोल पाणी. भुवई फाटून डोळा झाकला गेला, तरी बोल पाणी.

मी कुठे होतो? मशीनला पाठ लावून उभा होतो. आमच्याच मशीनला. एक वाक्य बोलायचं होतं. फोन मी केला. तीन शब्द. माझ्या जिभेला तर सगळं येत होतं — ण पण येत होता आणि न पण.

मग जग्या माझ्याकडे वळला. म्हणाला, “तू रोज असतोस ना याच्याबरोबर? असाच बोलतो ना हा?”

मी मान हलवली. हो म्हणून.

आता बघ हां, किती सोय करून ठेवलेली असते माणसाने. त्याने ‘फोन यानेच केला का’ असं विचारलंच नव्हतं. ‘असाच बोलतो ना’ असं विचारलं होतं. आणि बोलायचाच तो तसा. म्हणजे मी खोटं नव्हतो बोललो! हा मुद्दा मी कितीदा घोळवलाय माहितीये? लग्नात हार घालताना घोळवलाय. थू असल्या मुद्द्यावर.

जग्या मला म्हणाला, निघ तू. मी वाकलो आणि शटरखालून बाहेर आलो. ऊन लागलं डोळ्यांवर. मागून दिन्या ओरडला. आईला नाही बोलावलं त्याने, देवाला नाही. ओरडला, “संद्या! फिर मागं!”

मी वळून बघितलं. त्यांच्या हातून कसा सुटला देव जाणे, तो फरशीवर सरपटत फटीपर्यंत आला होता. उजवा हात बाहेर काढून त्याने गाळ्याची पायरी धरली. आणि जग्याने आतून शटरवर पाय दिला. पूर्ण जोर देऊन दिला. लोखंडाची पट्टी बरोबर मनगटावर आली. कडकन आवाज झाला, सुकी फांदी मोडल्यासारखा. मग त्याने पाय काढला आणि परत दिला. परत दिला. आतून दिन्याचं ओरडणं असं काही येत होतं की माणसाचं वाटेना. बाहेर पायरीवर फक्त हात होता. बोटांतून रक्त पायरीखाली गळत होतं आणि अंगठा हलत होता. खाली, खाली, खाली. बटण दाबल्यासारखा.

शटरला कुलूप नव्हतं. मी दोन पावलांवर होतो. आत पाय देणारा एक होता आणि बाहेरून दोन्ही हातांनी उचलणारा मी होतो, जोर लावला असता तर उचललं गेलं असतं. नसतं गेलं तर नसतं. ओरडलो असतो तरी रस्त्यावर माणसं होती. मी रस्ता ओलांडला. पलीकडे रिक्षा उभी होती, तिच्या मागे जाऊन उभा राहिलो. तिथून बघत राहिलो.

शटर उचललं ते शेजारच्या इस्त्रीवाल्याने. त्याने इस्त्री तशीच शर्टावर टाकली आणि धावला, शर्ट जळून गेला असेल. त्याच्यामागे इतर लोक धावले. जग्याला धरला, लोकांनी त्याला तुडवला. आणि एवढी गर्दी झाल्यावर — आता भीती कसली? — मी रिक्षामागून पळत आलो, “दिन्या, दिन्या” करत, आणि त्याला उचलून रिक्षात घातला. मांडीवर डोकं घेतलं. इस्त्रीवाल्याने माझ्याकडे एकदा बघितलं. त्याने मला रिक्षामागे पाहिलेलं होतं. बोलला काही नाही. पुढच्या उन्हाळ्यात तो गावी गेला तो आलाच नाही.

दवाखान्यात दिन्याची आई आली तेव्हा मी व्हरांड्यात बसलो होतो, शर्ट रक्ताने भिजलेला. तिने तो शर्ट बघितला आणि माझे पाय धरायला वाकली. “माजे पोराला तू वाचवला रं बाला. देवमानूस हाय तू.” मी तिला उठवलं. तिथे सांगायचं होतं. मी म्हणालो, “मावशी, मी मागे फिरलो ना, म्हणून.” तेवढंच म्हणालो. पुढचं लोकांनीच विचारत विचारत माझ्याकडून काढून घेतलं आणि मीही देत गेलो: शटर कसं उचललं, जग्याला कसं ढकललं. संध्याकाळी बाबा आले तोवर गोष्टीला हातपाय फुटले होते. रात्री मलाच ती आठवायला लागली होती.

दिन्याला शुद्ध आली ती दुसऱ्या दिवशी. दोन बोटं काढून टाकली होती, मनगटात सळई. सुजलेल्या तोंडाने त्याने काहीतरी मागितलं. नर्सला कळलं नाही, मी कान जवळ नेला. तो म्हणाला, “पाणी.” सावकाश, जीभ वर लावून, ‘ण’चा. सगळ्यांना वाटलं दुखतंय म्हणून तसं बोलतोय.

मग आईने त्याला सांगितलं कुणी वाचवलं ते. त्याने एका डोळ्याने माझ्याकडे बघितलं. हसला रे तो! टाके ताणले गेले तरी हसला. “बोल्लो होतो ना मी, टीव्हीतलाच खरा हाय. फिरलास ना मागं?”

मी म्हणालो, “फिरलो.”

पोलिसांनी विचारपूस केली. जग्या शेवटपर्यंत सांगत होता की याने फोनवर आईवरून शिव्या दिल्या. दिन्या सांगायचा, मी फोन केला नाही. कुणाला पटलं नाही ते. आवाज ओळखला म्हणतोय समोरचा, मग? सगळं गाव म्हणालं, जग्या राक्षस आहे, पण पोरानेही कळ काढलीच की. त्याचा बाप म्हणाला, केला असशील रागात, कबूल कर आता. आई पण म्हणाली. पुढे मोठ्या माणसांनी मांडवली केली, पार्लर बंद झालं. त्या गाळ्यात आता केक मिळतात.

घरी आणल्यावर एकदा आम्ही दोघंच होतो. दिन्या म्हणाला, “संद्या, आईशपथ, फोण मी नाही केला.” मी म्हणालो, “माहीत आहे मला.” तो रडायला लागला. म्हणाला, तू एकटा मानतोस, बाकी घरचेसुद्धा मानत नाहीत. माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडला. मी त्याची पाठ थोपटत होतो. तुला सांगतो, मनगट चिरडताना उभा राहिलो ते एक वेळ भित्रेपणात जाईल. पण हे? हे कशात घालशील?

‘फोण’ ऐकलंस ना? तेव्हापासून त्याच्या बोलण्यातला न हळूहळू जायला लागला. जिथे ण हवा तिथे तर तो घालतोच, पण जिथे नको तिथेही घालतो. दुकाण. दोण. मण. भीतीने शिकलेलं, कुठे थांबायचं ते कुणी शिकवलंच नाही. गावातली पोरं हसतात त्याला, म्हणतात दिन्याभाऊ फ्लॅटवाला झाला. आईशीही तसाच बोलायचा. ती बिचारी शेवटी ‘पानी’ मागून गेली आणि तो ‘पाणी घे आये, पाणी घे’ म्हणत तिच्या तोंडात चमचा घालत होता. मी तिथेच होतो. घरचा माणूस ना मी!

आता तो कामणला एका गोडाऊनच्या गेटवर असतो. गाड्यांचे नंबर डाव्या हाताने लिहून घेतो. भात कापायला जमत नाही, मूठ वळत नाही. नवा भात झाला की पहिलं गाठोडं आमच्याकडे येतं, दर वर्षी, माझ्या बायकोच्या हातात तो स्वतः देतो. आम्ही खातो. चव चांगली असते.

त्याची पोरगी आहे, सायली, शाळेत जाते. ते जुने गेम आता मोबाइलवर मिळतात. गेल्या दिवाळीत मी त्यांच्याकडे गेलो होतो, ती ओट्यावर बसून पूलच खेळत होती. पोत्याचं बटण मोबाइलच आपोआप दाबून ठेवतो, दुसरा माणूस लागत नाही. तिचा पट्टीवाला पलीकडे पोचला आणि तिने त्याला सरळ मागे फिरवला. मी वाकून तिच्या मोबाइलमध्ये बघायला लागलो. इतक्या वर्षांत मला माहीत नव्हतं काय होतं ते. पट्टीवाला परत पोत्याजवळ जाऊन उभा राहिला, फौज आली, आणि दोघांनाही चिरलं. गेम ओव्हर. म्हणजे मी म्हणायचो तेच बरोबर होतं.

सायलीने तोंड वाकडं केलं आणि पहिल्यापासून सुरू केलं. पुलावर आली, परत मागे फिरली. परत मेली. तिला सांगितलं, अगं, पुढे जा ना, पुढे स्टेजा आहेत. ती म्हणाली, “तो राहिलाय ना पण.” आणि परत मागे फिरली.

दिन्या हसत होता. उजवा हात मांडीवर पडलेला, डाव्या हाताने त्याने माझ्या पाठीवर थाप मारली. “गेममध्ये नाही गं वाचत तो. टीव्हीत वाचतो. हा काका बघ, हा टीव्हीतला.” आणि मला म्हणाला, सांग तिला. तुझ्या तोंडून ऐकायचंय तिला, शटर कसं उचललंस ते.

मी सांगितलं. हातवारे करून सांगितलं. ‘फिर मागं’ दिन्याच्या जुन्या आवाजात काढून दाखवलं, अजून तसाच येतो मला. पोरगी टाळ्या वाजवत होती.

फोन मी केला. मान मी हलवली. शटर मी उचललं नाही.

रोज सकाळी गोडाऊनवर पोचला की तो मला फोन करतो. काम काही नसतं, उगाच. मी उचलतो. तिकडून आवाज येतो, सावकाश, जीभ वर लावून — “हॅलो, दिणेश बोलतोय.”

त्याच्या नावात ण नाही. मी म्हणतो, बोल.